निवेदकाचे मौन : अभिजात सिंहली चित्रपटाचे वाचन

१. विषयप्रवेश

मराठीत दक्षिण आशियाई चित्रपटाचा विचार झाला तो बव्हंशी मुंबई, कोलकाता आणि मद्रास या केंद्रांच्या अनुषंगाने झालेला दिसतो. भारताच्या दक्षिण टोकापासून एका अरुंद सामुद्रधुनीने वेगळ्या झालेल्या श्रीलंकेत १९५६ पासून पुढे सुमारे तीन दशके जो गंभीर चित्रपट आकाराला आला, त्याचा परिचय साहित्याच्या अभ्यासकालाही क्वचितच असतो. या चित्रपटाची भाषा सिंहली. ती आर्यभारतीय कुळातील, म्हणजे नात्याने मराठीची दूरची बहीण आहे. या चित्रपटांची नावे नुसती उच्चारली तरी हे नाते जाणवते. ‘रेखाव’ म्हणजे रेखा, ‘निधानय’ म्हणजे निधान, ‘विरागय’ म्हणजे विराग, ‘युगान्तय’ म्हणजे युगान्त. ‘गम्पेरळिय’ या नावातील ‘गम’ हा शब्द ‘ग्राम’पासून आलेला असून मराठी ‘गाव’ त्याचाच भाऊबंद होय.

नावे ओळखीची वाटली तरी चित्रपट चटकन आपलेसे होत नाहीत. प्रथमच पाहणाऱ्याला ते संथ वाटतात, घटनांच्या मानाने त्यांतील शांतता अधिक भरते आणि इंग्रजी उपशीर्षकांतून वाचलेले संवाद सपाट भासतात. मग दोनपैकी एक सोपा निष्कर्ष काढला जातो. एक तर हा सत्यजित राय यांच्या शैलीचा प्रादेशिक पडसाद मानला जातो, किंवा कादंबऱ्यांची सचित्र आवृत्ती. हे दोन्ही निष्कर्ष अपुरे आहेत. सिंहली साहित्यात लिखित आणि बोली भाषेत जे असाधारण अंतर आहे, त्यामुळे तेथील कादंबरी पडद्यावर नेताना निवेदकाचा आवाजच गळून पडतो. त्या गळलेल्या आवाजाची जागा कशाने भरायची, या प्रश्नाच्या उत्तरातून या चित्रपटाची शैली घडली. ही भूमिका काही निवडक चित्रपटांच्या आधारे तपासून पाहणे हा येथील विवेचनाचा हेतू आहे.

२. पूर्वपीठिका : रंगभूमी आणि परका स्टुडिओ

सिंहली चित्रपटाची पूर्वपीठिका रंगभूमीत आहे आणि तिचे एक टोक मुंबईशी जोडलेले आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मुंबईच्या पारशी नाटक मंडळ्यांनी कोलंबोत प्रयोग केले. त्यांच्या प्रभावातून ‘नूर्ति’ हा संगीतप्रधान नाट्यप्रकार उदयास आला. जॉन डी सिल्वा हे त्याचे प्रमुख नाटककार होत. त्यांच्या नाटकांना विश्वनाथ लौजी या भारतातून गेलेल्या संगीतकाराने रागाधारित चाली दिल्या. १९११ मध्ये उघडलेले कोलंबोतील टॉवर हॉल हे नाट्यगृह या रंगभूमीचे केंद्र ठरले. पदांच्या आधाराने पुढे सरकणारे कथानक, पौराणिक-ऐतिहासिक विषय आणि आलंकारिक संवाद ही नूर्तीची लक्षणे मराठी संगीत नाटकाच्या अभ्यासकाला नवीन वाटणार नाहीत.

पहिला सिंहली बोलपट ‘कडवुणु पोरोन्दुव’ (मोडलेले वचन) २१ जानेवारी १९४७ रोजी प्रदर्शित झाला. मिनर्व्हा नाटक मंडळीच्या एका लोकप्रिय नाटकावर तो आधारलेला होता. निर्माते एस. एम. नायगम हे तमिळ, दिग्दर्शक ज्योतिष सिंह हे बंगाली आणि चित्रीकरणाचे स्थळ मदुराई. सिंहली भाषेचा पहिला बोलपट सिंहली भूमीवर घडलेलाच नव्हता. पुढील दशकभर हीच रीत चालू राहिली. दक्षिण भारतातील स्टुडिओत उभारलेले नेपथ्य, हिंदी-तमिळ चित्रपटांवरून बेतलेली कथानके आणि हिंदी गीतांच्या चालींवर बसवलेली सिंहली पदे असा तो साचा होता. पडद्यावरचे खेडे रंगवलेल्या पडद्याचे होते आणि पात्रांची भाषा ना पुरती ग्रांथिक ना पुरती बोली, अशी नाटकी होती.

या काळाची केवळ हेटाळणी करणे मात्र अन्यायाचे ठरेल. रुक्मणी देवींसारखी गायिका-अभिनेत्री याच काळाने दिली आणि चित्रपटगृहाची सवय असलेला प्रेक्षकही त्यानेच घडवला. शिवाय सिंहली चित्रपटाचा पाया तमिळ, बंगाली आणि सिंहली अशा मिश्र हातांनी घातला गेला, ही वस्तुस्थिती पुढील इतिहासाच्या संदर्भात विसरता येत नाही.

३. १९५६ : एका वर्षाचे महत्त्व

सिंहली संस्कृतीच्या इतिहासात १९५६ हे वर्ष कलाटणीचे मानले जाते. बुद्धाच्या महापरिनिर्वाणाला अडीच हजार वर्षे पूर्ण झाल्याचा बुद्ध जयंती उत्सव याच वर्षी साजरा झाला. निवडणुकीत सत्तापालट झाला आणि सिंहली ही एकमेव राजभाषा ठरवणारा कायदा संमत झाला. मार्टिन विक्रमसिंघे (१८९०–१९७६) यांची ‘विरागय’ ही कादंबरी प्रसिद्ध झाली. एदिरिवीर सरच्चंद्र यांनी लोकनाट्याच्या आधाराने उभे केलेले ‘मनमे’ हे नाटक नोव्हेंबरमध्ये रंगभूमीवर आले, तर डिसेंबरच्या अखेरीस लेस्टर जेम्स पेरीस यांचा ‘रेखाव’ प्रदर्शित झाला. मराठीत पुढे ज्या प्रश्नाची चर्चा ‘देशीयता’ या संज्ञेने झाली, तो प्रश्न त्या वर्षी श्रीलंकेत राजकारण, कादंबरी, नाटक आणि चित्रपट या चारही क्षेत्रांत एकाच वेळी उभा राहिला.

लेस्टर जेम्स पेरीस (१९१९–२०१८) हे इंग्रजी वळणाच्या कॅथलिक कुटुंबात वाढलेले. काही वर्षे लंडनमध्ये पत्रकारिता केल्यावर १९५२ मध्ये ते मायदेशी परतले आणि सरकारी चित्रपट विभागात माहितीपट करू लागले. तेथील छायालेखक विल्यम ब्लेक व संकलक टायटस तोटवत्ते यांच्यासह त्यांनी नोकरी सोडली आणि ‘रेखाव’ उभा केला. माहितीपटाच्या शिस्तीत तयार झालेल्या या तिघांनी कॅमेरा स्टुडिओबाहेर काढून खऱ्या खेड्यात नेला.

‘रेखाव’ची कथा साधी आहे. सेना या खेडवळ मुलाचा हात पाहून उंच काठ्यांवर चालणारा एक फिरस्ता खेळिया भाकीत करतो की हा मुलगा मोठा वैद्य होईल. पुढे त्याच्या मैत्रिणीची, अनुलाची, गेलेली दृष्टी त्याच्या स्पर्शाने परत आल्यासारखे घडते. गाव त्याला चमत्कारी मानू लागते. बाप आणि सावकार त्या श्रद्धेचा धंदा करतात, आणि उपचारासाठी आणलेला एक श्रीमंताघरचा मुलगा दगावताच तेच गाव त्याच्यावर उलटते. पावसाने दडी मारल्याचा दोषही त्याच्याच माथी येतो. श्रद्धेचा उपहास आणि तिचे उदात्तीकरण ही दोन्ही टोके दिग्दर्शकाने टाळली आहेत, हे येथे महत्त्वाचे. मुलाच्या हाताला खरोखर गुण होता की नाही, हे चित्रपट शेवटपर्यंत सांगत नाही.

‘रेखाव’ १९५७ च्या कान महोत्सवाच्या स्पर्धा विभागात दाखवला गेला. मायदेशी मात्र तो आर्थिकदृष्ट्या अपयशी ठरला. त्याची तुलना ‘पथेर पांचाली’शी नेहमी केली जाते. तथापि ‘पथेर पांचाली’ कान येथे गाजला तो १९५६ मध्येच, म्हणजे ‘रेखाव’ घडत असतानाच. एकाला मूळ आणि दुसऱ्याला प्रतिध्वनी मानण्यापेक्षा दोन्ही भाषांत एकाच वेळी निर्माण झालेल्या एकाच गरजेची ती दोन उत्तरे होती, असे मानणे अधिक सयुक्तिक होईल.

‘रेखाव’च्या संगीताचा संदर्भ मराठी वाचकाला विशेष उद्बोधक वाटेल. गीते कॅथलिक धर्मगुरू मार्सेलिन जयकोडी यांची व संगीत सुनील सान्त यांचे होते. सुनील सान्त यांनी लखनौच्या भातखंडे परंपरेतच शिक्षण घेतले होते. तरीही १९५२ मध्ये रेडिओ सिलोनवरील कलावंतांची प्रतवारी ठरवण्यासाठी भातखंड्यांचे शिष्य श्रीकृष्ण नारायण रातंजनकर यांना पाचारण करण्यात आले, तेव्हा त्यांनी त्या चाचणीस बसण्याचे नाकारले. सिंहली गीताची कसोटी उत्तर हिंदुस्थानी रागसंगीताने ठरवू नये, ही त्यांची धारणा होती. त्यापायी त्यांना नभोवाणीला मुकावे लागले. ‘रेखाव’मधील साध्या, लोकगीताच्या वळणाच्या चालींमागे हा वाद उभा आहे. भातखंडे परंपरेतच शिकलेल्या डब्ल्यू. डी. अमरदेव यांनी मात्र राग आणि लोकधून यांच्या संयोगातून निराळी वाट काढली. ‘गम्पेरळिय’चे संगीत त्यांचे आहे. देशी म्हणजे काय, या प्रश्नाचे एकच उत्तर सिंहली कलावंतांमध्येही नव्हते, हे यावरून दिसते.

४. दोन भाषा, एक पडदा

सिंहली भाषेत ग्रांथिक आणि बोली रूपांत व्याकरणाचेच अंतर आहे. ग्रांथिक सिंहलीत क्रियापद पुरुष व वचनानुसार बदलते. बोलीत ते बदलत नाही. ‘मी जातो’ हे लिहिताना ‘मम यमि’ असे होते, बोलताना ‘मम यनवा’. ‘आम्ही’ असो वा ‘तो’, बोलीत ‘यनवा’ हेच रूप राहते. मराठीतही प्रमाण भाषा आणि बोली यांत भेद आहे. पण वऱ्हाडी असो वा मालवणी, कर्त्याशी वा कर्माशी सुसंवाद राखणारे क्रियापद सर्वत्र टिकून असते. सिंहलीतील दरी त्याहून खोल आहे. लिखित गद्याची भाषा कोणी घरात बोलत नाही.

या स्थितीने कादंबरीकाराला एक साधन सहज मिळते. निवेदन ग्रांथिक भाषेत आणि संवाद बोलीत ठेवला की निवेदक पात्रांपासून आपोआप वेगळा, उंच आणि चिंतनशील होतो. पात्राला जे उमगले नाही ते त्या वरच्या स्वरात सांगता येते. चित्रपटात मात्र पात्रे बोलतात ती बोलीच. कादंबरीतील संवाद तेवढा पडद्यावर येतो आणि निवेदकाचा संपूर्ण स्तर, म्हणजे चिंतन, उपरोध, काळाचा प्रवाह आणि मनाचे विश्लेषण, बाहेर राहतो. जुन्या बोलपटांनी पात्रांच्याच तोंडी अर्धग्रांथिक भाषा घालून ही अडचण टाळली. त्यामुळे माणसे पुतळ्यांसारखी बोलू लागली. पेरीस यांनी दुसरा मार्ग पत्करला. पात्रांना त्यांची बोली परत दिली आणि निवेदकाचे काम घर, वस्तू, अंतर व मौन यांच्याकडे सोपवले.

उपशीर्षकांनी होणारी हानीही याच संदर्भात समजून घ्यावी लागते. सिंहलीत समोरच्याला सर्वनामाने संबोधण्यापेक्षा नात्याने किंवा हुद्द्याने संबोधण्याकडे कल असतो. ‘अय्या’ म्हणजे थोरला भाऊ, ‘मल्ली’ धाकटा भाऊ, ‘नंगी’ धाकटी बहीण आणि ‘अक्का’ मराठीप्रमाणेच थोरली बहीण. ‘महत्तया’ व ‘हामिने’ ही प्रतिष्ठादर्शक संबोधने आहेत. कोण कोणाला काय म्हणतो आणि केव्हा म्हणायचे थांबतो, यात सामाजिक स्थानाची सगळी मांडणी असते. इंग्रजी उपशीर्षक या सर्वांना एकाच सर्वनामात गुंडाळते. ‘अहो’ आणि ‘अगं’ यांतील अंतर जन्मापासून जाणणाऱ्या मराठी प्रेक्षकाने उपशीर्षक वाचतानाच कान संबोधनाकडे ठेवला, तर संवादाचा हरवलेला थर बऱ्याच अंशी परत मिळतो.

५. ‘गम्पेरळिय’ : घर हाच निवेदक

विक्रमसिंघे यांची ‘गम्पेरळिय’ (गावातील उलथापालथ) ही कादंबरी १९४४ मध्ये प्रसिद्ध झाली. दक्षिण किनाऱ्यावरील कोग्गल हे लेखकाचे गाव तिची भूमी आहे. ‘महागेदर’, म्हणजे मोठे घर, या नावाने ओळखल्या जाणाऱ्या एका प्रतिष्ठित कुटुंबाच्या ऱ्हासाची ती कहाणी. धाकटी मुलगी नंदा हिला इंग्रजी शिकवायला पियल हा तरुण येतो. त्याचे तिच्यावर प्रेम जडते. पण त्याचे घराणे कमी प्रतीचे म्हणून त्याला नकार मिळतो. नंदाचा विवाह कुलीन पण निर्धन अशा जिनदासाशी होतो. मूल दगावते, पैसा संपतो, जिनदास व्यापारासाठी दूर डोंगराळ प्रांतात जातो आणि त्याची वार्ता येईनाशी होते. दरम्यान कोलंबोत धनवान झालेला पियल परततो. जिनदास मेला असे समजून नंदा पियलशी विवाह करते आणि त्यानंतर जिनदास आत्ताच मरण पावल्याचे कळते. व्यापारी मध्यमवर्गाने जमीनदारी प्रतिष्ठेची जागा घेण्याची ऐतिहासिक प्रक्रिया एका स्त्रीच्या दोन विवाहांतून येथे मांडली आहे.

पेरीस यांनी हा चित्रपट १९६३ मध्ये पूर्ण केला. पटकथा रेजी सिरिवर्धन यांची, छायालेखन ब्लेक यांचे व संकलन सुमित्रा पेरीस यांचे. गाणी, नृत्ये, मारामारी आणि विनोदी उपपात्र या सर्वांना त्यात फाटा देण्यात आला. चित्रीकरण बलपिटिय येथील एका खऱ्या जुन्या वाड्यात झाले. हा निर्णय केवळ वास्तवतेच्या हौसेपोटी घेतलेला नव्हता. त्यातच चित्रपटाच्या कथनपद्धतीचे बीज आहे.

कादंबरीतील निवेदक नंदाच्या मनाची चिकित्सा करतो. पियलविषयीचे आकर्षण आणि घराण्याचा अभिमान यांतील तिचे द्वंद्व तिला स्वतःला स्पष्ट नसते, ते निवेदक वाचकाला सांगतो. चित्रपटात पुण्या हीन्देनिय यांनी साकारलेली नंदा हे द्वंद्व कधीही शब्दांत आणत नाही. तिची नजर खाली असते, चेहरा जवळजवळ निश्चल असतो आणि तिच्याभोवती घर असते. दारे, खिडक्या, व्हरांडा आणि आतला अंधार यांच्या मांडणीतून कोण आत आहे, कोण उंबऱ्याशी थांबले आहे आणि कोणाला किती आत येता येते, हे दिसत राहते. पियलचे सामाजिक स्थान कोणी बोलून दाखवण्याआधी जागेच्या या वाटणीने सांगून टाकलेले असते. पुढे त्याच घरातील झिजलेपण वाढत जाते. कोणीही दारिद्र्याबद्दल तक्रार करत नाही, कारण तक्रार करणे हेच प्रतिष्ठेला बाधक आहे. तेवढे काम भिंती करतात. निवेदकाची ग्रांथिक सिंहली येथे वास्तूत रूपांतरित झाली आहे.

या रूपांतराची किंमतही मोजावी लागली. कादंबरीतील गावाचा विस्तृत पट चित्रपटात एका घराभोवती आवळला गेला आणि नावातील ‘गम’ काहीसे मागे पडले. आर्थिक प्रक्रियेपेक्षा भावनिक परिणामावर भर आला. हा आक्षेप रास्त आहे. पण ज्या साधनाने चित्रपटाला त्याची खोली दिली, त्याच साधनाची ती मर्यादा आहे.

जानेवारी १९६५ मध्ये नवी दिल्लीच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात ‘गम्पेरळिय’ला सुवर्णमयूर पुरस्कार मिळाला. हाच महोत्सव २००४ पासून गोव्यात भरतो. तेथे दरवर्षी दिल्या जाणाऱ्या या पुरस्काराचा आरंभीचा मानकरी एक सिंहली चित्रपट होता, हे आज फारसे स्मरणात नाही.

विक्रमसिंघे यांच्या कादंबरीत्रयीतील ‘युगान्तय’ १९४९ मध्ये व मधली ‘कलियुगय’ सर्वांत शेवटी, १९५७ मध्ये आली. पेरीस यांनी १९८० च्या दशकाच्या आरंभी या दोन्ही कादंबऱ्या पडद्यावर आणल्या. ‘कलियुगय’मध्ये पुण्या हीन्देनिय आणि हेन्री जयसेन हेच कलावंत सुमारे दोन दशकांनंतर प्रौढ नंदा आणि पियल म्हणून परतले. निवेदकाला काळ सरल्याचे शब्दांत सांगावे लागते. येथे त्याच चेहऱ्यांवरच्या वयाने ते सांगितले. ‘युगान्तय’ (१९८३) मध्ये भांडवलदार बापाविरुद्ध उभा राहणारा समाजवादी मुलगा मालिन याची भूमिका रिचर्ड डी झॉयसा यांनी केली. पत्रकार असलेल्या या कलावंताचे फेब्रुवारी १९९० मध्ये अपहरण होऊन हत्या झाली. कादंबरीतील युगान्त आणि देशातील युगान्त यांची ही गाठ आज तो चित्रपट पाहताना दृष्टीआड करता येत नाही.

६. वलव्व आणि वाडा

येथे मराठी अभ्यासकाला एक समांतर उदाहरण सहज आठवेल. महेश एलकुंचवार यांची ‘वाडा चिरेबंदी’, ‘मग्न तळ्याकाठी’ आणि ‘युगान्त’ ही नाट्यत्रयी विदर्भातील धरणगावकर देशपांडे घराण्याच्या ऱ्हासाची कथा सांगते. पहिले नाटक १९८५ मध्ये रंगभूमीवर आले आणि १९९४ मध्ये त्रयी पूर्ण झाली. सिंहलीत जमीनदारी वाड्याला ‘वलव्व’ म्हणतात. दोन्ही त्रयींच्या केंद्रस्थानी घर आहे आणि दोन्हींच्या अखेरच्या भागाचे नाव एकच. या साम्यामागे प्रभाव शोधण्याचे कारण नाही. जमिनीवर आधारलेली प्रतिष्ठा पैशापुढे नमते, तेव्हा घर हे रूपक दोन्ही समाजांत हाताशी येते.

साम्यापेक्षा भेद अधिक शिकवणारा आहे. कादंबरीला निवेदक आणि संवाद दोन्ही उपलब्ध असतात. नाटकाला निवेदक नसतो. म्हणून एलकुंचवारांची पात्रे बोलतात, टोचून बोलतात, आणि न बोललेले त्या बोलण्याच्या फटींतून ऐकू येते. चित्रपटाला निवेदक नसला तरी पाहण्याची जागा निवडता येते. नंदा जे बोलत नाही ते बोलण्याच्या फटींतून कळत नाही, तर तिच्यापासून कॅमेऱ्याने राखलेल्या अंतरातून कळते. एकाच आशयद्रव्याच्या तीन रूपबंधांतील या तीन रीती पदव्युत्तर वर्गात शेजारी ठेवून अभ्यासण्यासारख्या आहेत.

७. ‘निधानय’ आणि ‘विरागय’ : कबुली व आत्मकथन

निवेदक तृतीयपुरुषी असेल तर त्याला वास्तूत मुरवता येते. पण कथा प्रथमपुरुषी असेल तर काय, हा पुढचा प्रश्न होता. जी. बी. सेनानायक यांच्या कथेवरून पेरीस यांनी केलेला ‘निधानय’ (१९७२) या प्रश्नाला भिडतो. पटकथा तिस्स अबेसेकर यांची, संगीत प्रेमसिरी खेमदास यांचे. दिवाळे निघण्याच्या बेतात आलेल्या विली अबेनायक या खानदानी पुरुषाला एका जुन्या पोथीवरून कळते की गळ्यावर चार तीळ असलेल्या कुमारिकेचा बळी दिल्यास गुप्तधन हाती येईल. अशी आयरीन त्याला भेटते. तो तिच्याशी विवाह करतो, हळूहळू तिच्यात गुंतत जातो आणि तरीही अखेर तिचा बळी देतो. धन मिळत नाही; तो आत्महत्या करतो.

ही कथा घडून गेलेल्या गुन्ह्याच्या कबुलीच्या चौकटीत येते. कबुली देणारा आपले समर्थन करत असतो, मात्र पडद्यावरचा चेहरा त्या समर्थनाला दुजोरा देत नाही. गामिणी फोन्सेका हे लोकप्रिय चित्रपटाचे धडाडीचे नायक. त्यांना येथे पेरीस यांनी जवळजवळ गोठलेल्या संयमात ठेवले आहे. मालिनी फोन्सेका यांची आयरीन शेवटपर्यंत विश्वासाने पाहत राहते. प्रेक्षकाला तिच्याहून अधिक ठाऊक असते, आणि हे अधिकचे ज्ञान त्याला गुन्ह्याचा मूक साक्षीदार करते. आधुनिक राहणीमान आणि रक्तबळीवरची श्रद्धा एकाच घरात शांतपणे नांदू शकतात, हे चित्रपटाचे सर्वांत अस्वस्थ करणारे विधान आहे. सिंहली बोलपटाला पन्नास वर्षे झाल्यानिमित्त १९९७ मध्ये झालेल्या निवडीत ‘निधानय’ला पहिले स्थान मिळाले.

तिस्स अबेसेकर यांनी स्वतः दिग्दर्शित केलेला ‘विरागय’ (१९८७) हा आणखी अवघड प्रयोग होय. विक्रमसिंघे यांच्या या कादंबरीचा नायक अरविंद संसारात पाऊल टाकण्यास असमर्थ आहे, आणि त्या असमर्थतेला वैराग्य म्हणावे की भीरुता, हे त्याच्या आत्मकथनातून ठरत नाही. कृती न करणे हीच ज्याची मुख्य कृती, त्याला पडद्यावर आणायचे होते. सनत् गुणतिलक यांच्या अभिनयातील संकोच आणि प्रत्येक निर्णयाच्या क्षणी लांबवलेली शांतता यांतून ते साधले आहे. ‘रेखाव’मध्ये बोली पात्रांच्या हाती आली, ‘विरागय’मध्ये बोलीही पुरेशी नाही, एवढे अंतर या तीन दशकांत कापले गेले.

८. मौनाला उत्तर

या शैलीला सिंहली चित्रपटातूनच आव्हान मिळाले. संस्कृतचे प्राध्यापक आणि मुक्तछंदाचे कवी सिरी गुणसिंघे यांचा ‘सत् समुदुर’ (१९६७) कोळ्यांच्या जीवनाकडे वळला होता. १९७१ च्या तरुणांच्या उठावानंतर वाड्यातील संयत दुःख अनेकांना अपुरे वाटू लागले. धर्मसेन पतिराज (निधन २०१८) यांच्या ‘अहस् गव्व’ (१९७४) मध्ये बेकार शहरी तरुण आले. ‘बंबरु अवित्’ (१९७८) मध्ये शहरातून आलेल्या तरुणांमुळे एका कोळीवाड्याची घडी विस्कटते. पतिराज यांची पात्रे बोलतात, भांडतात, निरर्थक भाषणेही करतात. आणि त्या बोलण्याची निष्फळता हाच चित्रपटाचा विषय होतो. त्यांनीच १९७७ मध्ये जाफन्याच्या पार्श्वभूमीवर ‘पोन्मणि’ हा तमिळ चित्रपट केला. भाषिक तट वाढत असताना सिंहली दिग्दर्शकाने केलेली ही निवड अर्थपूर्ण आहे.

दुसरे उत्तर सुमित्रा पेरीस (१९३४–२०२३) यांचे. संकलक म्हणून घडलेल्या या दिग्दर्शिकेने करुणासेन जयलत् यांच्या कादंबरीवरून ‘गॅहॅनु लमयि’ (मुली, १९७८) केला. गरीब घरातील कुसुम आणि संपन्न घरातील निमल यांची ही कथा वरकरणी ‘गम्पेरळिय’च्या उलट बाजूसारखी दिसते. महत्त्वाचा फरक असा, की येथे मौन हे बाहेरून न्याहाळलेले नाही. आपले प्रेम गिळून टाकणे ही मुलीकडून अपेक्षित असलेली कृतज्ञता आहे, हे कुसुमच्या बाजूने दाखवले आहे. सुमित्रा पेरीस यांच्या दृष्टीतून या मौनाची किंमत कोण मोजते, हा प्रश्न स्पष्ट होतो.

९. जळालेली आणि वाचलेली रिळे

अभिजात म्हणावा असा हा चित्रपट आज कितपत पाहता येतो, हा प्रश्न त्याच्या आस्वादाइतकाच महत्त्वाचा आहे. उष्ण, दमट हवा, अभिलेखागाराचा अभाव आणि व्यावसायिक अनास्था यांनी अनेक मूळ प्रती नष्ट केल्या. त्यात १९८३ च्या जुलैमधील तमिळविरोधी हिंसाचाराची भर पडली. सिंहली चित्रपटाचे तमिळ निर्माते के. गुणरत्नम यांचा हेन्दल येथील विजया स्टुडिओ जमावाने जाळला. तमिळांविरुद्ध म्हणून लावलेल्या त्या आगीत सिंहली चित्रपटाचाच वारसा भस्म झाला. १९५६ च्या सांस्कृतिक जागृतीत सर्जनशील आणि बहिष्कारक अशा दोन शक्यता एकत्र होत्या. एकीने ‘रेखाव’ दिला, दुसरी या आगीपर्यंत पोचली. हा इतिहास वगळून या चित्रपटांचे केवळ सौंदर्यवादी वाचन करणे अपुरे ठरते.

वाचलेल्या प्रतींच्या जतनाचे काम बव्हंशी परदेशात झाले. ‘निधानय’ची पुनरुज्जीवित प्रत २०१३ मध्ये व्हेनिस महोत्सवात दाखवली गेली. ‘गॅहॅनु लमयि’चे पुनरुज्जीवन मात्र मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशन या संस्थेने भारत, फ्रान्स आणि श्रीलंका यांच्या संयुक्त उपक्रमातून केले, आणि २०२५ मध्ये ते कान महोत्सवाच्या अभिजात विभागात सादर झाले. ज्या शहराच्या नाटक मंडळ्यांनी एकेकाळी सिंहली रंगभूमीला वळण दिले, त्याच शहरातील संस्थेमुळे शतकाहून अधिक काळानंतर एका सिंहली चित्रपटाला नवे आयुष्य मिळाले. त्याची दिग्दर्शिका मात्र ते पाहण्यास हयात नव्हती.

१०. समारोप

या चित्रपटांकडे वळताना कालानुक्रमापेक्षा प्रश्नानुक्रम अधिक उपयुक्त ठरेल. प्रथम ‘गम्पेरळिय’ पाहावा आणि घर कसे बोलते याकडे लक्ष द्यावे. नंतर ‘निधानय’ पाहून कबुली आणि चेहरा यांतील विसंगती तपासावी. त्यानंतर ‘रेखाव’कडे मागे वळल्यास त्यातील मोकळ्या प्रकाशाचे आणि साध्या बोलीचे मोल कळते. ‘गॅहॅनु लमयि’ आणि ‘बंबरु अवित्’ यांनी या साऱ्या संयमाला विचारलेले प्रश्न शेवटी ऐकावेत.

साहित्यकृतीचे माध्यमांतर म्हटले की मराठीत चर्चा बहुधा ‘मूळ कृतीशी निष्ठा’ या निकषाभोवती फिरते. सिंहली चित्रपट त्याआधीचा प्रश्न विचारायला शिकवतो. मूळ कृतीत कोण बोलत होते, कोणत्या भाषेत बोलत होते आणि तो आवाज गेल्यावर काय उरले? पेरीस आणि त्यांच्या समकालीनांनी उरलेल्या मौनालाच अर्थ दिला. त्या मौनाचा अर्थ वाचकाने लावायचा आहे. मात्र त्यासाठी त्याची रिळे शाबूत राहिली पाहिजेत.